शांता हुबळीकर पडद्यावरून इतक्या लवकर का गेल्या?

तुमचा प्रश्न असा आहे: आजीच्या तोंडी कायम ‘कशाला उद्याची बात’ असायचं, तिच्या जुन्या तबकड्यांची पेटी अजून माळ्यावर आहे. पण हे गाणं म्हणणाऱ्या शांता हुबळीकरांचे चित्रपट शोधायला गेलं की ‘माझा मुलगा’ आणि ‘माणूस’ या दोनांपुढे फारसं काही हाती लागत नाही. एवढी गाजलेली नटी अशी एकदम दिसेनाशी कशी झाली? लग्न केलं म्हणून? आणि त्या तबकड्यांचं आता काय करायचं?

जुन्या फिल्मच्या प्रिंट तपासणं, त्यांची डागडुजी करणं आणि विद्यार्थ्यांना ते चित्रपट दाखवून समजावणं, यात माझी तीसेक वर्षं गेली. ‘माणूस’ची रिळं या काळात मी कितीदा टेबलावर चढवली असतील, त्याचा हिशोब नाही. त्यामुळे उत्तर जरा लांबेल. लग्न हे कारण लोक चटकन सांगतात, कारण ते सांगायला सोपं आहे. ते खोटं नाही. पण लग्न न केलेल्या नट्याही त्याच सुमाराला पडद्यावरून गेल्या, मग तिथे काय सांगायचं? मला वाटतं, त्यांच्यासारख्या नटीची गरज ज्या बोलपटाला होती तो बोलपटच फार थोडी वर्षं टिकला, आणि त्यातल्या शेवटच्या वर्षांत त्या तिथे पोचल्या.

थोडं मागून सुरू करते. त्यांचा जन्म १९१४ चा, हुबळीजवळच्या अदरगुंची गावचा. मूळ नाव राजम्मा. आईवडील लहानपणीच गेले, आजीच्या हाताखाली वाढल्या. हुबळी-धारवाड तेव्हा मुंबई इलाख्यात होतं. मराठी नाटक मंडळ्यांचे मुक्काम हुबळी, धारवाड, गदगला पडायचे, तिथल्या घरांतून कानडी आणि मराठी नाट्यगीतं दोन्ही ऐकू यायची. त्याच मुलखानं सवाई गंधर्व, गंगूबाई हनगल, मल्लिकार्जुन मन्सूर दिले. मिरजेच्या अब्दुल करीम खाँसाहेबांचं गाणं त्या भागात घरोघरी मानलं जाई आणि शांताबाईंनाही त्यांची तालीम मिळाली. नाटकात उभं राहायचं तर गाता आलंच पाहिजे, हा तिथला नियम होता. मुलगी गाते, दिसते, धीट आहे, म्हणजे तिची वाट नाटक कंपनीतून कोल्हापूरच्या चित्रपटांकडे जाणार हे ठरलेलंच. कानडीतला पहिला बोलपट ‘सती सुलोचना’ १९३४ साली कोल्हापुरातच चित्रित झाला होता. कलावंतांना ही दोन गावं वाटतात तितकी लांब नव्हती.

गावाचं नाव आडनाव म्हणून लावायची पद्धतही तिथलीच. त्या काळात गाणाऱ्या बाईला घरचं आडनाव लावणं अवघड असे, गावाचं नाव मात्र कुणी काढून घेऊ शकत नसे.

भालजी पेंढारकरांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी काम केलं. पण मोठी संधी आली ती ‘प्रभात’ फिल्म कंपनीत. प्रभात १९२९ साली कोल्हापुरात सुरू झाली आणि १९३३ मध्ये पुण्याला आली. १९३८ चा ‘माझा मुलगा’ के. नारायण काळे यांनी दिग्दर्शित केला. नायक शाहू मोडक, संगीत केशवराव भोळे यांचं. त्यातलं ‘पाहू रे किती वाट’ ऐकलंत तर आवाजाची जात लक्षात येईल: खुला, भरीव, शब्द गिळायची सवय नाही. भोळ्यांना गाण्यात शब्दाचा अर्थ ऐकू यायला हवा असे आणि हा आवाज त्यांच्या उपयोगाचा होता.

दुसऱ्याच वर्षी ‘माणूस’ आला. इथे मी जरा थांबणार आहे, कारण तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर या चित्रपटात आहे.

दिग्दर्शक व्ही. शांताराम, छायालेखन व्ही. अवधूत, मराठी संवाद आणि गीतं अनंत काणेकरांची, संगीत मास्टर कृष्णरावांचं. गणपत नावाचा साधा पोलीस शिपाई. एका वेश्यावस्तीवर धाड पडते तेव्हा तो मैना नावाच्या बाईला वाचवतो. दोघं जवळ येतात. तो तिला आईकडे घेऊन जातो, आई तिला सून समजून जवळ करते, आणि तेच मैनेला सोसत नाही. ती निघून जाते, तो दारूच्या नादी लागतो. पुढे तिच्या हातून छळणाऱ्या मामाचा खून होतो, जन्मठेप होते. तिला सोडवायची तयारी गणपत करतो तेव्हा ती नाही म्हणते. प्रेमात हरलेल्या माणसानं दारू पिऊन मरण्यात मोठेपणा आहे, असं मानणाऱ्या चित्रपटांचा तो काळ होता. शांतारामांनी त्याला उत्तर म्हणून हा शिपाई उभा केला, जो शेवटी पुन्हा कामावर जातो.

यातली मैना म्हणजे शांता हुबळीकर. तेव्हा त्या पंचविशीत होत्या. गणपत झालेले शाहू मोडक तर एकविशीतले, आणि लोकांच्या डोळ्यांपुढे त्यांनी पडद्यावर केलेला कृष्ण. त्या कृष्णाला खाकी गणवेश घालून त्याच्यासमोर ही बाई उभी केली. समोरचा कोवळा, गोंधळलेला. ही मात्र जग पाहिलेली, त्याची थट्टा करणारी, मध्येच थट्टा थांबवून त्याच्याकडे नीट बघणारी. एक प्रसंग मी विद्यार्थ्यांना दर वर्षी दाखवत असे. दोघं फिरायला जातात, तिथे चित्रपटाचं शूटिंग चाललेलं असतं. झाडाखाली नायक-नायिका ठरीव प्रेमगीत गात असतात, तेव्हाच्या बॉम्बे टॉकीज या मुंबईच्या चित्रपट कंपनीच्या धाटणीचं. मैना त्याची नक्कल करते. चित्रपटात चित्रपटाची टिंगल करायची तर नटीला स्वतःच्या धंद्याकडे बाहेरून बघता यायला हवं, आणि बाईंना ते येत होतं. बोलपट सुरू होऊन जेमतेम आठ वर्षं झालेली, आणि इतका मोकळा अभिनय!

आता ते गाणं. आपल्याकडे ‘कशाला उद्याची बात’ हे मजेत जगा असं सांगणारं गाणं म्हणून म्हटलं जातं. तुमच्या आजीही तसंच म्हणत असतील, त्यात चूक काहीच नाही. पण चित्रपटात ते गिऱ्हाइकांपुढे म्हटलेलं आहे. समोर निरनिराळ्या प्रांतांतली माणसं, म्हणून कडवी निरनिराळ्या भाषांत. ज्या बाईचा उद्याचा दिवस तिच्या मालकीचा नाही ती लोकांना उद्याचा विचार करू नका म्हणते आहे. हे कळल्यावर तेच गाणं पुन्हा ऐका. चाल नाचरी आहे, आवाज हसरा आहे, आणि तरी ते हसू पुरतं खरं वाटत नाही. हे चाल बांधणाऱ्याचं श्रेय आहेच, पण गाणारीचं जास्त आहे.

भाषांचा मुद्दा निघाला म्हणून सांगते. प्रभातचे बरेच चित्रपट मराठी आणि हिंदी असे दोन निघत. ‘माणूस’चा हिंदी अवतार ‘आदमी’. तेव्हा नंतर आवाज बदलून घालायची सोय नव्हती, चित्रपट खरोखर दोनदा चित्रित करावा लागे. दिवे लागले, जागा ठरल्या, मराठी शॉट मनासारखा झाला, की त्याच उजेडात, त्याच जागी उभं राहून तोच प्रसंग हिंदीत. रडण्याचा प्रसंग असेल तर दोनदा रडायचं. हसण्याचा असेल तर दुसऱ्यांदाही हसू ताजं दिसायला हवं. जिची आईची भाषा कानडी, ती बाई हे दोन परक्या भाषांत, एकाच दिवशी करत होती. दोन्ही प्रिंट शेजारी ठेवून मी काही प्रसंग जुळवून पाहिले आहेत. हिंदीतली मैना मराठीतल्या मैनेची प्रत वाटत नाही, वाक्याची लांबी बदलली की बाईंचं थांबणंही बदलतं. हे काम कुणी डोळ्यांत भरवून घेतलं नाही, याचं मला नेहमी वाईट वाटत आलं आहे.

टेबलावर फिल्म हातात घेतली की आणखी एक गोष्ट दिसते. चित्रांच्या चौकटींच्या कडेनं आवाजाची बारीक पट्टी धावत असते, उजेड-अंधाराच्या दातेरी रेषांची. प्रोजेक्टरमध्ये चित्र दाखवायची जागा आणि आवाज वाचायची जागा वेगळी, म्हणून आवाज चित्राच्या सुमारे वीस चौकटी पुढे छापलेला असतो. ‘कशाला’मधल्या ‘क’साठी ओठ उघडलेली चौकट बोटाखाली असते, पण तो ‘क’ तिच्याजवळ नसतो, पाऊण-एक सेकंद पुढे, वेगळ्याच चित्राच्या कडेला असतो. प्रिंट तिथे तुटली आणि कुणी घाईनं जोड दिला, तर ओठ जातात एका शब्दाचे आणि आवाज जातो दुसऱ्या शब्दाचा. गाजलेल्या गाण्यांचीच ही दशा जास्त होते, कारण ती रिळं जास्त फिरलेली असतात. ‘माणूस’च्या ज्या प्रिंट माझ्या हातांखालून गेल्या त्यांत सर्वांत जास्त जोड याच गाण्यावर होते. लोकांनी किती प्रेमानं पाहिलं, हे त्या जोडांवरून मोजता येतं.

आता मूळ प्रश्न. इतकं सगळं असताना पुढे काय झालं?

पहिलं म्हणजे नोकरी. तेव्हाची नटी स्टुडिओची पगारी माणूस होती. कोणतं काम करायचं, कधी करायचं, बाहेर कुठे गायचं की नाही, हे करार ठरवी. ज्या १९३९ साली ‘माणूस’ आला त्याच वर्षी ‘कुंकू’ची नायिका शांता आपटे कराराच्या वादातून प्रभातच्या फाटकाशी उपोषणाला बसल्या होत्या. पुढच्या वर्षी त्यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तकच लिहिलं. एवढी मोठी नटी फाटकाबाहेर बसते म्हणजे आत काय चाललं होतं याची कल्पना यावी. नटी मोठी झाली म्हणून तिच्यासाठी गोष्ट लिहायची, असा रिवाज नव्हता. गोष्ट आधी, मग तीत बसेल ती नटी. नलिनी तर्खड यांचं घ्या: ‘अमृतमंथन’ १९३४, ‘चंद्रसेना’ १९३५, ‘रजपूत रमणी’ १९३६, की प्रभातमधला काळ संपला. ‘धर्मात्मा’, ‘अमरज्योती’, ‘कुंकू’मध्ये चमकलेली छोटी वासंतीही अशीच थोडी वर्षं. दोन-तीन चित्रपट ही शांताबाईंचीच कथा नाही, तो त्या व्यवस्थेचा हिशोब होता.

दुसरं, प्रभातच फुटली. १९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले आणि मुंबईत त्यांनी राजकमल उभी केली. मैनेसारखी बाई लिहिण्याचं धाडस ज्या जागी झालं ती जागा तशी राहिली नाही. त्यातच महायुद्ध. कच्ची फिल्म परदेशातून यायची, तिच्यावर सरकारनं नियंत्रण आणलं, चित्रपटाची लांबी ११ हजार फुटांवर आणून ठेवली, पुढे परवाने आले. मोजकी फिल्म हातात असलेला निर्माता ती मोठ्या बाजाराच्या हिंदी चित्रपटाला देणार, हे उघड होतं. त्या काही वर्षांत मराठी चित्रपट निघणं जवळजवळ थांबलं. जिचं बस्तान मराठीत होतं तिच्या पायाखालची जमीन तिथेच सरकली. १९४२ साली बाईंनी कानडी रंगभूमीवरच्या गुब्बी वीरण्णांच्या ‘जीवन नाटक’ या कानडी चित्रपटात काम केलं. आपल्या भाषेत जाऊन केलेलं हे काम मराठी लेखांत बहुधा एका ओळीतही येत नाही.

तिसरं कारण आवाजाचं, आणि मी त्याला जास्त वजन देते. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्स या चित्रपट कंपनीनं १९३५ मध्ये ‘धूपछाँव’मध्ये पार्श्वगायन आणलं. आपल्याकडे ते लगेच रुजलं नाही, पुढची सातआठ वर्षं गाणारी आणि दिसणारी एकच असावी ही अपेक्षा टिकली. तोवर गाता येणारी, बोलता येणारी, कॅमेऱ्यापुढे न बुजणारी बाई सोन्याच्या मोलाची होती. १९४० नंतरच्या दशकात ही तिन्ही कामं वेगळी झाली. गळा एकीचा, चेहरा दुसरीचा. मग निर्मात्याला कमी वयाचा, नवा चेहरा घ्यायला मोकळीक मिळाली. याला उलट उदाहरणं आहेत, नूरजहाँ आणि सुरैया पुढेही गातच राहिल्या. पण त्या हिंदीच्या मोठ्या बाजारात होत्या. मराठीत तेवढा आधार नव्हता.

सुंदराबाईंचा उल्लेख इथेच करायला हवा. ‘माणूस’मधल्या गणपतच्या देवभोळ्या आईचं काम सुंदराबाई जाधवांनी केलं आहे. त्या तबकड्यांवरच्या नामांकित गायिका, लावणीच्या बैठकीतून आलेल्या. ‘मन पापी भूला’ त्यांचंच. ज्या प्रसंगात आई मैनेला जवळ घेते तिथे दोन पिढ्यांच्या गाणाऱ्या बाया समोरासमोर आहेत. प्रेक्षकांतल्या जाणत्यांना हे तेव्हाच कळलं असणार. आणि चहावाला पोरगा नीट पाहा, तो राम मराठे आहे, पुढचे संगीतभूषण.

राहिलं लग्न. त्यांनी पुण्यातल्या गृहस्थांशी लग्न केलं, संसार केला, मधूनमधून कामंही केली. पुढे दिवस फार ओढीचे आले, उतारवयात आश्रमात राहावं लागलं. आपली हकीकत त्यांनी स्वतः सांगितली, आत्मचरित्राला नाव दिलं ‘कशाला उद्याची बात’. १९९२ मध्ये त्या गेल्या. त्यांच्यावर लिहिणारे बहुतेक जण या शेवटच्या भागापासून सुरुवात करतात आणि तिथेच रमतात. माझी त्याला हरकत आहे. दुःख त्यांचं होतं आणि ते त्यांनी आपल्या शब्दांत मांडलं आहे, ते तिथेच वाचावं. आपल्या हातात त्यांचं काम आहे, आणि कामाबद्दल बोलायला कुणी बसत नाही.

काम तरी हातात कितपत आहे? १९५१ च्या आसपासपर्यंत चित्रपट नायट्रेट फिल्मवर छापले जात. ती भडकन पेटते, आणि पेटली नाही तरी आपोआप चिकट होऊन भुकटी होत जाते. २००३ च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फिल्मच्या भांडाराला आग लागली, त्यात प्रभातच्या मूळ पट्ट्याही गेल्या. ‘माणूस’ आज आपल्याला दिसतो तो आधीच काढून ठेवलेल्या प्रतींमुळे. म्हणून ‘माणूस’ मोबाइलवर गाण्यापुरता पाहू नका. शक्य असेल तर फिल्म सोसायटीच्या खेळाला, मोठ्या पडद्यावर पाहा. अवधूतांनी रात्रीच्या गल्लीत मैनेच्या चेहऱ्यावर जो उजेड टाकलाय तो लहान पडद्यावर नुसता काळोख होऊन बसतो. आणि जमलं तर त्याच आठवड्यात ‘आदमी’ही पाहा.

शेवटी आजीची पेटी. ७८ च्या, म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या, तबकड्या लाखेच्या असतात, पडल्या तर कौलासारख्या फुटतात. माळ्यावरून उतरवताना पेटी एकट्यानं ओढू नका. तबकड्या आडव्या एकावर एक ठेवू नका, उभ्या ठेवा, प्रत्येकीला कागदी पाकीट द्या, ऊन लागू देऊ नका. धूळ मऊ ब्रशनं, खाचांच्या दिशेनं काढा. फार मळली असेल तर कोमट पाण्यात साध्या साबणाचा थेंब टाकून फडक्यानं पुसा, मधला कागद भिजू देऊ नका. स्पिरिट, सॅनिटायझर असलं काही लावू नका, अल्कोहोलनं लाख विरघळते आणि गाणं कायमचं जातं. घरात जुना चावीचा ग्रामोफोन असला तरी हौसेनं लावू नका, त्याची पोलादी सुई दर फेरीला खाच खरवडते. ७८ साठी वेगळी सुई मिळते, ती बसवलेल्या यंत्रावर जाणत्या माणसाकडून एकदाच वाजवून ध्वनिमुद्रण करून घ्या. त्याआधी दोन्ही बाजूंच्या कागदांचे फोटो काढून ठेवा, त्यावरचा क्रमांक आणि मध्यभागी कोरलेला बारीक आकडाही नीट येऊ द्या. त्यावरून तबकडीची ओळख पटते. पेटीत ‘माझा मुलगा’ची एखादी निघाली तर ती सर्वांत आधी ध्वनिमुद्रित करा. ‘माणूस’ची गाणी पुष्कळांकडे आहेत, ती तितकी नाहीत.